तो व्हीसीआर भंगारात देऊ नका

दिवाळीच्या आधी महिनाभर सांगलीच्या विश्रामबागेत भंगाराच्या टेम्पोंची ये-जा वाढते. शंभर फुटी रस्त्याच्या आतल्या गल्ल्या, नेमिनाथनगर, विलिंग्डन कॉलेजच्या बाजूच्या कॉलन्या, कुठंही बघा, माळे रिकामे होत असतात. मिक्सर, पंखा, जुना टीव्ही यांच्या जोडीनं व्हीसीआर जातो, चार्जर हरवलेला हँडीकॅम जातो. लोखंडाच्या भावात नाहीतर प्लास्टिकच्या. आणि 'आता हे चालवायचं कशावर' म्हणून पाठोपाठ कॅसेटींचा खोकाही जातो.

माझी विनंती साधी आहे. यंदा हा क्रम उलटा करा. कॅसेटींमधलं आधी उतरवून घ्या, यंत्र मग काय ते विका. आणि यंत्र चालू असेल तर विकूच नका.

व्हीसीआरचा प्रश्न टीव्हीसारखा नाही, हे आधी ध्यानात घ्यायला हवं. टीव्ही बंद पडला तर आपण चौकात जाऊन दुसरा आणतो. कंपनी बुडाली तरी टीव्ही नावाची वस्तू बाजारात राहते. व्हीसीआर मात्र जगात कुणीच करत नाही. जे आहेत ते आहेत, आणि त्यातला एकेक रोज कमी होतोय.

आपल्याच राज्यातलं उदाहरण घ्या. ऐंशीच्या दशकात मध्यमवर्गाच्या कितीतरी घरांत पहिला रंगीत टीव्ही आला तो व्हिडिओकॉनचा. १५ ऑगस्ट १९८२ ला दूरदर्शननं रंगीत प्रक्षेपण सुरू केलं, त्याच वर्षी दिल्लीत आशियाई खेळ झाले, आणि टीव्ही ही हौस न राहता गरज झाली. औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या धूत कुटुंबानं जपानच्या तोशिबाच्या तांत्रिक सहकार्यानं टीव्ही काढायला सुरुवात केली. साखरेच्या धंद्यातून आलेली ही माणसं. पैठण रस्त्यावरच्या चितेगावात त्यांचा कारखाना उभा राहिला. टीव्हीपाठोपाठ व्हीसीआर, वॉशिंग मशीन, फ्रीज असं सगळं आलं. मराठी माणसाला त्या नावाचा अभिमान होता, आणि तो खोटा नव्हता.

पुढं २००५ मध्ये व्हिडिओकॉननं दोन मोठे घास घेतले. इलेक्ट्रोलक्सचा भारतातला धंदा घेतला आणि फ्रान्सच्या थॉमसन कंपनीचा टीव्हीच्या काचेच्या नळ्यांचा, म्हणजे पिक्चर ट्यूबचा व्यवसाय घेतला. इटली, पोलंड, मेक्सिको, चीन इतक्या देशांतले कारखाने एका फटक्यात मराठवाड्यातल्या कंपनीकडे आले. वर्तमानपत्रांनी कौतुक केलं. पण जग नेमकं त्याच वर्षांत भिंतीवर टांगायच्या सपाट टीव्हीकडे वळत होतं. पिक्चर ट्यूब ही वस्तूच संपायला आली असताना तिचा जगातला एक मोठा कारखानदार होणं म्हणजे काय, ते पुढच्या चार-पाच वर्षांत दिसलं. त्यात मोबाइल सेवेचा धंदा काढला. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जे १२२ परवाने रद्द केले त्यांत व्हिडिओकॉनचेही होते. कर्ज वाढत गेलं. घरोघरी छत्री बसवणारी डी-टू-एच सेवा २०१८ मध्ये डिश टीव्हीत विलीन झाली आणि त्याच वर्षी जूनमध्ये मूळ कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली. देणेकऱ्यांचे मान्य झालेले दावे ६४ हजार कोटींच्या पुढं, आणि २०२१ मध्ये मंजूर झालेली बोली ३ हजार कोटींच्या आत. तीही पुढच्या वर्षी अपिलात रद्द झाली. बँकांचं काय झालं तो वेगळा विषय. आपल्यापुरता मुद्दा एवढाच, की माळ्यावरच्या त्या व्हीसीआरचा पार्ट मागायला आता चितेगावात कुणी बसलेलं नाही.

बरं, ही आपल्याकडचीच रड म्हणावी तर तसंही नाही. ज्यांनी हे तंत्र जन्माला घातलं त्या जपान्यांनीही हात वर केलेत. सोनीनं १९७५ मध्ये बीटामॅक्स काढला, पुढच्याच वर्षी जेव्हीसीनं व्हीएचएस काढला. दोघांत बारा-तेरा वर्षं झुंज झाली. चित्र बीटामॅक्सचं सरस, असं जाणकार म्हणायचे, पण व्हीएचएसच्या कॅसेटीत जास्त वेळ मावायचा आणि जेव्हीसीनं आपलं तंत्र इतर कंपन्यांना मोकळ्या हातानं दिलं. पूर्ण सिनेमा एका कॅसेटीत बसतो म्हटल्यावर लोकांनी चित्राची बारीक तुलना केली नाही. १९८८ मध्ये सोनीलाच व्हीएचएसची यंत्रं विकायला काढावी लागली. बीटामॅक्सची यंत्रं करणं सोनीनं २००२ मध्ये थांबवलं, कॅसेटी करणं मार्च २०१६ मध्ये. त्याच २०१६ च्या जुलैत फुनाई या जपानी कंपनीनं व्हीएचएसची यंत्रं करणं बंद केलं. जगात ती करणारी ती शेवटची कंपनी होती. आदल्या वर्षीसुद्धा त्यांची साडेसात लाख यंत्रं खपली होती, म्हणजे नुसतं गिऱ्हाईक घटलं म्हणून दुकान बंद केलं असं नव्हे. सुटे भाग मिळणंही अवघड झालं होतं. २०२४ मध्ये फुनाईचंच दिवाळं निघालं.

हँडीकॅमच्या छोट्या कॅसेटींचीही तीच गत. सोनीनं १९८५ मध्ये आठ मिलिमीटर फितीचा कॅमेरा आणला, मग हाय-८ आली, १९९५ मध्ये डिजिटल डीव्ही, १९९९ मध्ये डिजिटल-८. आपल्याकडे २००० नंतरच्या लग्नांत फोटोग्राफरच्या हातात मिनी-डीव्हीचा कॅमेरा असायचा, त्याच्या आधीच्या लग्नांत खांद्यावर पॅनासॉनिकचा अवजड व्हीएचएस कॅमेरा आणि मागं हॅलोजनचा दिवा धरून घामाघूम झालेला पोरगा. जेव्हीसीनं घरगुती व्हिडिओ कॅमेऱ्यांचा धंदा २०२१ मध्ये गुंडाळला. मिनी-डीव्हीची कोरी कॅसेट करणं सोनीनं फेब्रुवारी २०२५ मध्ये थांबवलं. टीव्ही, कॅमेरा आणि रेकॉर्डर या तिन्हींच्या जोरावर मोठ्या झालेल्या कंपन्या. त्यांतल्या फितीच्या कॅमेऱ्याच्या आणि रेकॉर्डरच्या बाजूला आज कुलूप आहे. टीव्ही उरलाय, पण नव्या टीव्हीच्या पाठीमागं पिवळी-लाल-पांढरी पिन खोचायची भोकंसुद्धा बहुतेक वेळा नसतात. म्हणजे व्हीसीआर चालू निघाला तरी तो जोडायचा कशाला, हा प्रश्न आहेच.

आणि यंत्राची घाई एकीकडे, कॅसेटीची दुसरीकडे. व्हीएचएसची फीत अर्धा इंच रुंद, आणि जाडी मिलिमीटरच्या पन्नासाव्या हिश्शाच्या आसपास. प्लास्टिकच्या पट्टीवर चुंबकीय पूड चिकटवलेली, बस. ती पूड धरून ठेवणारा डिंक वर्षागणिक कमकुवत होतो. त्यात आपल्याकडचा पावसाळा. जून ते सप्टेंबर कपाटातल्या चामड्याच्या चपलेला बुरा येतो, तो कॅसेटीला येणार नाही असं कसं होईल?

तर आता कामाला लागू. पहिलं काम यंत्राशिवायचं. खोका खाली उतरवा, खिडकीजवळ उजेडात बसा आणि एकेक कॅसेट हातात घ्या. तिच्या अंगावरच्या पारदर्शक खिडकीतून गुंडाळलेल्या फितीची कड दिसते. ती काळीभोर, गुळगुळीत, एकसारखी दिसली पाहिजे. तिथं पांढरी भुकटी, पीठ भुरभुरल्यासारखे ठिपके किंवा कोळ्याच्या जाळ्यासारखे तंतू दिसले तर ती बुरशी. अशी कॅसेट व्हीसीआरमध्ये घालायची नाही. एकदाही नाही, 'बघू तरी' म्हणूनही नाही. तिची भुकटी यंत्रातल्या, फीत वाचणाऱ्या हेडला लागते, आणि मग तुम्ही पुढची चांगली कॅसेट घातलीत की तिलाही तोच प्रसाद. मशीन आणि कॅसेट दोन्ही एका दमात जातात. बुरशीच्या कॅसेटी वेगळ्या प्लास्टिकच्या डब्यात ठेवा, त्या साफ करणाऱ्या माणसाकडेच जायला हव्यात. त्या उन्हात टाकू नका. उन्हानं बुरशी मरेल न मरेल, फीत मात्र वाकडी होते. डांबराच्या गोळ्याही त्या डब्यात नकोत.

चांगल्या कॅसेटीच्या पाठीच्या कडेला डाव्या कोपऱ्यात एक लहानसं प्लास्टिकचं नख असतं. ते तोडून टाका. ते असेपर्यंत चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं तर बारशावर जाहिराती छापल्या जातील, आणि हे घरोघरी झालेलं आहे. मिनी-डीव्हीला नख नसतं, सरकती खटकी असते, ती 'सेव्ह' कडे सरकवायची.

यंत्र वर्षानुवर्षं बंद असेल तर थेट कॅसेट घालू नका. जुन्या टीव्ही मेकॅनिककडे न्या. सांगली-मिरजेत अजून असे हात आहेत ज्यांना व्हीसीआर उघडल्यावर काय कुठं असतं ते माहीत आहे. त्यांची पुढची पिढी मोबाइलच्या डिस्प्लेत गेली, त्यामुळं हे हातही फार वर्षं मिळणार नाहीत. आतले रबरी बेल्ट काही वेळा वितळून डांबरासारखे झालेले असतात, रबराचा दाबरूळ कडक होतो, आणि मधला चकचकीत ड्रम, मिनिटाला १५०० फेरे घेणारा, त्याच्या कडेला जे केसाएवढे हेड असतात ते मळलेले असतात. ते साफ करायची रीत बघण्यासारखी आहे. चांगला मेकॅनिक कापूस वापरत नाही, कारण धागा अडकतो. साध्या कागदाची पट्टी आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये भिजवून ड्रमला नुसती टेकवतो आणि ड्रम बोटानं हळूहळू आडवा फिरवतो. कागद वर-खाली घासला की हेड तुटला. तुमच्यासमोर कुणी इअरबडनं खसाखसा घासायला लागला तर यंत्र उचला आणि घरी या.

पहिली कॅसेट घालाल ती बिनमहत्त्वाची घाला, एखादा सिनेमा. ती नीट चालली, फीत चुरगळली नाही, की मग घरच्या कॅसेटी. प्रत्येक कॅसेट आधी शेवटपर्यंत पुढं पळवा आणि परत मागं आणा. फीत मोकळी होते, चिकटलेली वेटोळी सुटतात. मग चालवा, आणि चालवाल तेव्हाच उतरवून घ्या. आधी सगळ्यांनी बसून बघायचं आणि नंतर कधीतरी कॉपी करायची, असं करू नका. म्हाताऱ्या फितीला तो एक फेरा शेवटचा ठरू शकतो.

संगणकावर उतरवायला यूएसबीची छोटी जोडणी मिळते, स्वस्तातली. घरात कॉलेजातला मुलगा-मुलगी असेल तर हे काम त्यांना जमतं. वालचंद कॉलेजच्या आसपास राहून 'पोरं मिळत नाहीत' असं कुणी म्हणू नये. त्यांना फक्त एक गोष्ट सांगा: सेटिंग 'पाल' ठेवायचं. आपल्याकडच्या कॅसेटी पाल पद्धतीच्या. अपवाद अमेरिकेतून आलेल्यांचा. नव्वदच्या दशकात न्यू जर्सी, शिकागोहून मुलांनी आई-वडिलांना नातवंडांच्या कॅसेटी पाठवल्या. त्या 'एनटीएससी' असतात. इथल्या जुन्या व्हीसीआरवर त्या काळ्या-पांढऱ्या दिसतात, चित्र सारखं वर सरकत राहतं आणि लोकांना वाटतं कॅसेट खराब झाली. खराब नसते. दोन्ही पद्धती चालवणारं यंत्र लागतं. कितीतरी आज्यांनी अशा कॅसेटी नुसत्या हातात घेऊन ठेवून दिल्या असतील.

मिनी-डीव्हीचं आणखी वेगळं. त्यात चित्र आधीच आकड्यांत नोंदलेलं असतं, त्यामुळं फायरवायरच्या केबलनं घेतलं तर जसंच्या तसं उतरतं, चित्रीकरणाची तारीख-वेळसुद्धा सोबत येते. तासाला १३ जीबीच्या आसपास जागा लागते. पण फायरवायरचं भोक असलेला संगणक हवा, आणि ते आता कुठल्याच नव्या लॅपटॉपला नसतं. ॲपलनं तर २०२५ च्या मॅक प्रणालीतून त्याचा आधारच काढून टाकला. तेव्हा जुना लॅपटॉप, जुना कॅमेरा, त्याचा चार्जर आणि ती केबल हे चौघे एकत्र बांधून ठेवा. चार्जर हरवला की कॅमेरा म्हणजे शोभेची वस्तू. काही दुकानदार मिनी-डीव्हीसुद्धा पिवळ्या पिनेनं घेऊन देतात. त्यांना सोपं पडतं, तुमचं चित्र मात्र विनाकारण उतरतं. विचारा आणि फायरवायरनंच घ्यायला लावा.

दुकानात द्यायचं ठरवलंत तरी हरकत नाही. सगळ्यांना घरी करणं जमणार नाही आणि जमायलाच पाहिजे असंही नाही. पण खोकाच्या खोका एकदम देऊ नका. एक कॅसेट द्या, काम बघा. ते आपल्याकडेच करतात की पुण्या-मुंबईला पाठवतात ते विचारा. पाठवत असतील तर कॅसेटींची यादी करून सही घ्या. आणि 'फोर-के करून देतो' म्हणणाऱ्यापासून चार हात लांब राहा. व्हीएचएसच्या चित्रात आडव्या बाजूनं जेमतेम २४० रेघांचा तपशील असतो. त्यात जे नाही ते कुठल्याही संगणकाला आणता येत नाही. तो अंदाजानं चेहरे गुळगुळीत करतो, आणि मग तुमची आत्या मालिकेतल्या बाईसारखी दिसायला लागते. पाल चित्र संगणकावर घेण्याचं नेहमीचं माप ७२० बाय ५७६. त्याच मापात, न कापता, न सजवता फाइल मागा. सुरुवातीला दुकानाचं नाव, वर गाणं, कडेला फुलं, असलं काही नको हे आधीच बजावा. काम झाल्यावर त्यांच्या संगणकावरची प्रत पुसायला सांगा. घरातलं बारसं-डोहाळजेवण दुकानाच्या जाहिरातीत कुणाला बघायचं नसतं.

कुठली कॅसेट आधी? लग्नाची, असं सगळे म्हणतात. मला तसं वाटत नाही. लग्नाच्या तीन तासांच्या कॅसेटीत पावणेदोन तास आहेर आणि पंगत असते, आणि मंगलाष्टकांच्या वर फोटोग्राफरनं सिनेमाचं गाणं चढवलेलं असतं, म्हणजे कुणाचा आवाज ऐकू येत नाही. त्यापेक्षा ज्यात माणसं बोलतायत अशी कॅसेट आधी घ्या. आजोबांचा सहस्रचंद्रदर्शनाचा कार्यक्रम, मागच्या अंगणात कुणीतरी हँडीकॅम नवा आणल्याच्या आनंदात काढलेलं पंधरा मिनिटांचं काहीबाही, भिशीच्या बायकांची सहल. ज्यातली माणसं आज नाहीत त्या कॅसेटी सर्वांत वर. आणि २००५ ते २०१२ च्या सुमाराच्या लग्नांच्या ज्या डीव्हीडी आहेत त्या 'डिजिटल आहेत, त्यांना काय होतंय' म्हणून मागं ठेवू नका. घरात छापलेल्या डीव्हीडीवर रंगाचा थर असतो, तो उडतो. काही डीव्हीडी कॅसेटींच्या आधी जातील. त्या नुसत्या कॉपी-पेस्ट करायच्या असतात, एका दुपारचं काम.

फाइल मिळाली म्हणजे काम झालं असं नाही. पेनड्राइव्ह ही ने-आण करायची वस्तू आहे, जपून ठेवायची नव्हे. वर्षानुवर्षं न वापरता पडलेला पेनड्राइव्ह रिकामा निघू शकतो. दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर प्रती ठेवा. त्यातली एक तुमच्या घरात नको. सांगलीकरांना याचं कारण सांगायला नको. आयर्विन पुलाजवळ ४५ फुटांना धोक्याची पातळी, आणि ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णा ५७ फुटांवर गेली होती. विश्रामबाग उंचावर म्हणून आपण बचावलो, गावभागातली मंडळी आपल्याकडे राहायला आली. त्या पुरात जिल्हा नगर वाचनालयाची पुस्तकं भिजली, तिथं घरातल्या कॅसेटींची काय कथा. एक डिस्क पुण्यातल्या मुलीकडे नाहीतर कोल्हापूरच्या भावाकडे ठेवा आणि दिवाळीला आणून एकदा लावून बघा. गूगलवर फुकटची अमर्याद जागा जून २०२१ पासून बंद झाली, १५ जीबीत एक मिनी-डीव्ही कॅसेट जेमतेम मावते. यूट्यूबवर टाकणार असाल तर वर चढवलेल्या सिनेमाच्या गाण्यांमुळं आवाज बंद केला जाऊ शकतो, हे धरून चला. दाखवायला ते ठीक, साठवायला नाही.

आणि नावं लिहा. हे काम यंत्राचं नाही, म्हणून राहून जातं. घरातल्या सर्वांत वयस्क माणसाला शेजारी बसवा, फाइल लावा, आणि दिसेल त्या माणसाचं नाव-गाव वहीत उतरवा. 'निळ्या साडीतली कोण?' याचं उत्तर देणारं माणूस घरात असेपर्यंतच त्या फाइलला अर्थ आहे. फाइलला 'व्हिडिओ १', 'व्हिडिओ २' अशी नावं ठेवू नका. साल, गाव, प्रसंग, एवढं तरी असावं.

ज्यांच्याकडे घरगुती नसलेलं काही आहे, त्यांच्यासाठी दोन शब्द वेगळे. १८४३ मध्ये विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' केलं ते याच सांगलीत, आणि नाट्यपंढरी म्हणून आपण अजून मिरवतो. राज्य नाट्य स्पर्धेतले हौशी प्रयोग, मिरजेच्या दर्ग्यातल्या उरुसाच्या संगीत सभा, गणेश मंडळांची व्याख्यानं, कॉलेजांची गॅदरिंग हे सगळं ऐंशी-नव्वदच्या दशकांत कुणी ना कुणी व्हिडिओवर घेतलेलं आहे. ते कुठल्या सरकारी दप्तरात नाही, कुणाच्या तरी कपाटात आहे. ज्यांनी त्या काळात व्हिडिओ शूटिंगचा व्यवसाय केला त्यांच्याकडे तर खोकेच्या खोके असतील. कोऱ्या कॅसेटी महाग म्हणून त्यांनी एकावर एक घेतल्या, तरी काही उरलेल्या असणारच. अशा कॅसेटी तुमच्या एकट्याच्या नाहीत. महाविद्यालयाच्या ग्रंथालयाला, नाट्यसंस्थेला, वाचनालयाला निदान कळवा की आमच्याकडे हे आहे. मूळ कॅसेट देऊन टाकू नका, प्रत द्या.

मूळ कॅसेटी उतरवून झाल्यावर फेकायच्या का? माझं मत, नाही. दोन प्रती नीट बघून, आवाजासकट तपासून झाल्याशिवाय तर नाहीच. फीत सुरुवातीपर्यंत गुंडाळून, कॅसेट पुस्तकासारखी उभी करून, कोरड्या कपाटात ठेवा. स्पीकरजवळ नको, बाथरूमच्या भिंतीला लागून नको, आणि पत्र्याखालच्या माळ्यावर तर मुळीच नको.

वेळ दिवाळी ते होळी. हवा कोरडी असते, फीत चिकटत नाही, मुलं दिवाळीच्या सुट्टीत घरी असतात. एका कॉलनीत एक चालू व्हीसीआर आणि एक जुना लॅपटॉप असला तर वीस घरांचं काम त्या चार महिन्यांत सहज होईल. गणपतीची वर्गणी काढणाऱ्या मंडळाला हे अवघड नाही. यंत्राच्या दुरुस्तीचा खर्च वाटून घ्या, आणि कॅसेट जेवढ्या तासांची तेवढे तास या हिशेबानं रविवार ठरवून द्या. ज्याच्याकडे हेड शाबूत असलेला व्हीसीआर, हाय-८ चा कॅमेरा किंवा फायरवायरचा लॅपटॉप आहे, त्यानं आज रात्री कॉलनीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तेवढं कळवावं. बाकीच्यांनी आपल्याकडे किती आणि कुठल्या कॅसेटी आहेत ते मोजून सांगावं.